आत्मनिवेदनातील लिंग आणि अनुबोधपट

मार्लन रिग्ज या कृष्णवर्णीय अमेरिकन दिग्दर्शकाने १९८९ साली ‘टंग्ज अनटाइड’ या अनुबोधपटात समलिंगी कृष्णवर्णीय पुरुषांना स्वतःच्या वाणीने बोलते केले. इंग्रजीत ‘मी’ म्हणणाऱ्याचे लिंग क्रियापदातून व्यक्त होत नाही. मराठीत मात्र ‘मी आलो’ व ‘मी आले’ यांतून निवड करावीच लागते. सौंदत्तीच्या यल्लम्मेला वाहिलेल्या, स्त्रीवेष धारण करणाऱ्या जोगत्याने ‘मी देवीची झाले’ असे म्हटले, तर त्या स्त्रीलिंगी रूपांत श्रद्धा व आत्मभान एकवटतात. निवेदकाने त्या उक्तीचे ‘तो देवीचा झाला’ असे रूपांतर केल्यास साक्षच पालटते. म्हणून निवेदनातील लिंगयोजना वक्त्याच्या प्रयोगास अनुसरून ठेवणे, ही केवळ व्याकरणाची नव्हे, तर अनुबोधपटाच्या प्रामाण्याची अट होय.