माहीमच्या मैदानापासून जवळच : आनंद पटवर्धन यांचा ‘जय भीम कॉम्रेड’

1927 पर्यंत ‘माहीम पार्क’ म्हणून ओळखले जाणारे आणि 6 डिसेंबरला चैत्यभूमीकडे निघालेल्या डॉ. आंबेडकरांच्या अनुयायांनी फुलून जाणारे शिवाजी पार्क ज्यांना परिचित आहे, त्यांनी आनंद पटवर्धन यांचा ‘जय भीम कॉम्रेड’ (2011) हा अनुबोधपट, म्हणजे प्रत्यक्ष घटना व माणसे यांवर आधारलेला चित्रपट, अवश्य पाहावा. 11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात, डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याच्या विटंबनेचा निषेध करणाऱ्या जमावावर पोलिसांनी गोळीबार केला व त्यात दहा जणांचा बळी गेला. त्यानंतर चारच दिवसांनी लोकशाहीर विलास घोगरे यांनी जीवन संपवले. आयुष्यभर डाव्या चळवळीत गायलेल्या या शाहिराने अखेरच्या क्षणी कपाळाला आंबेडकरी चळवळीचे निळे फडके बांधले होते, आणि वर्ग व जात यांच्यातील सारा पेच त्या फडक्यात दिसतो. झोपडपट्ट्यांच्या पाडापाडीवरील पटवर्धनांच्याच ‘हमारा शहर’ (1985) मध्ये घोगरे यांचा आवाज पूर्वीच आला होता, त्यामुळे त्यांच्या मृत्यूने अस्वस्थ होऊन पटवर्धनांनी या चित्रपटासाठी तब्बल चौदा वर्षे चित्रीकरण केले. चित्रपट तीन तासांहून मोठा असला, तरी शाहिरी जलसे, अर्थात गाण्यांतून प्रबोधन करणारे कार्यक्रम, त्याला कंटाळवाणा होऊ देत नाहीत.