शीवेवरचे पहारेकरी

‘शीव’ या शब्दाचा अर्थच मुळी हद्द. ज्या काळी मुंबई हे बेटांचे गाव होते, त्या काळी इंग्रजांचा मुलूख या ठिकाणी संपे आणि खाडीपलीकडे पोर्तुगीजांची साष्टी सुरू होई. जेरल्ड आँजियर हा गव्हर्नर असताना, 1669 ते 1677 या काळात, इंग्रजांनी येथील टेकडीवर किल्ला बांधला तो याच खाडीवर नजर ठेवण्यासाठी. शत्रू आला तर उत्तरेकडून, याच उथळ पाण्यातून येणार, हा त्यामागील हिशेब होता.

प्रत्यक्षात 1689 साली जंजिऱ्याचा सिद्दी याकूतखान वीस हजारांची फौज घेऊन आला, तो शिवडीला उतरला. शिवडी पडली, माझगाव पडले, माहीमही गेले आणि इंग्रज आपल्या मुख्य किल्ल्यात कोंडले गेले. शीवच्या टेकडीचा या संकटात काडीचाही उपयोग झाला नाही. शेवटी कंपनीला औरंगजेबापुढे नाक घासावे लागले. दीड लाख रुपये दंड भरल्यावर 1690 मध्ये सिद्दी मुंबईतून हलला.

अडीच शतकांनंतर जर्मनांनी फ्रान्सच्या किनाऱ्यावर हाच धडा अधिक मोठी किंमत देऊन गिरविला. 1943 च्या अखेरीस रोमेलकडे या किनाऱ्याची पाहणी आली आणि त्याने वाळूत लोखंडी तिकाटणी, सुरुंग बांधलेले लाकडी खांब आणि पोलादी चौकटी रोवण्याचा सपाटा लावला. नावा भरतीच्या वेळी येतील आणि पाण्याखाली दडलेल्या या अडथळ्यांवर फुटतील, अशी त्याची अटकळ होती. 6 जून 1944 रोजी दोस्तांच्या नावा आल्या त्या पाणी खाली असताना, भरती नुकती चढू लागली तेव्हा. अडथळे उघडे पडले होते. ते उडवून वाट करताना सुरुंगवाल्या तुकड्यांची अतोनात हानी झाली हे खरे. पण वाट झाली.

किनाऱ्याचे रक्षण हा अखेर भरती-ओहोटीच्या ज्ञानाचा प्रश्न आहे, आणि हे ज्ञान किल्लेदाराकडे क्वचितच असते. मुंबईत ते कोळ्यांकडे होते. खाडीत चिखल कोठे खोल, होडी कोणत्या घटकेला रुतते, हे त्यांना पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक. 1692 च्या सुमारास रोगराईने शिबंदी खंगलेली असताना सिद्दी पुन्हा आला आणि रुस्तुम दोराबजी या पारशी गृहस्थाने कोळ्यांना गोळा करून त्याला हुसकावून लावले, अशी हकीकत पारशी परंपरेने जपली आहे. त्याबद्दल त्याला कोळ्यांची पाटीलकी मिळाली. त्या कोळ्यांपैकी एकाचेही नाव मात्र त्या हकीकतीबरोबर आपल्यापर्यंत पोहोचलेले नाही.

1737 साली मराठ्यांनी ठाणे घेऊन साष्टीत पाय रोवला, तेव्हा इंग्रजांची पुन्हा धांदल उडाली. धारावीच्या काळ्या किल्ल्यावरील शिलालेखात गव्हर्नर हॉर्नचे नाव आणि हेच साल आहे. पुढे साष्टी इंग्रजांच्याच हाती आली, 1803 मध्ये डंकनने शीवेचा बांध घातला आणि हद्दीची हद्द उरली नाही. खाडी बुजत गेली. फाळणीनंतर कोळीवाड्यालगत पंजाबी निर्वासितांची वसाहत उभी राहिली. स्थानकाचे ‘कोळीवाडा’ हे नावही गेले आणि गुरू तेगबहादूर नगर झाले. खवय्यांच्या पानात मात्र ‘कोळीवाडा’ टिकून आहे, हीच काय ती जमेची बाजू!

26 नोव्हेंबर 2008 च्या रात्री दहा हल्लेखोर रबरी होडीतून कुलाब्याच्या मच्छीमार वस्तीत उतरले. त्यांना प्रथम पाहिले आणि हटकले ते तेथील कोळ्यांनीच. त्यानंतर मच्छीमारांना ओळखपत्रे मिळाली, होड्यांची नोंदणी कडक झाली, आणि सागरी सुरक्षेचे ‘डोळे आणि कान’ म्हणून त्यांचा गौरवही झाला. गौरव करण्यास खर्च येत नाही. चारच वर्षांनी, 2012 मध्ये, शीव कोळीवाड्यात पुनर्विकासासाठी घरांवर हातोडा पडला आणि कोळी रहिवाशांना त्याविरुद्ध रस्त्यावर यावे लागले. टेकडीवरील किल्ला पुरातत्त्व खात्याच्या संरक्षणाखाली आहे. त्याची हद्द कागदावर पक्की आहे. मुंबईतील कोळीवाड्यांच्या सीमांकनाचा प्रश्न मात्र वर्षानुवर्षे सरकारी दप्तरात रेंगाळत राहिला आहे.