लाल मानेचा सरडा

पहिला पाऊस पडून गेला, की आमच्या शाळेच्या कुंपणावर सरडे दिसू लागतात. एरवी मातकट रंगाचा, नजरेत न भरणारा हा जीव त्या दिवसांत डोक्यापासून खांद्यापर्यंत लालभडक होतो आणि मुलांच्या हातात दगड येतात. मागच्या जूनमध्ये सहावीतल्या एकाला आम्ही अडवले, तर म्हणाला, "सर, ये दूर से खून चूसता! अम्मी बोली."

त्याच्या अम्मीला काय बोलणार? लहानपणी आम्हीही हेच ऐकले, आणि खरे सांगायचे तर दगडही मारले. इंग्रजांनीसुद्धा या सरड्याला 'ब्लडसकर' असेच नाव दिले होते. पण तो रक्त पीत नाही. मुंग्या, नाकतोडे, किडे खातो. विषारीही नाही. तो लाल रंग विणीच्या हंगामातल्या नराचा. उंच जागा धरून उन्हात बसायचे, पुढच्या पायांवर अंग वरखाली करायचे, गळा फुगवायचा. मादीला बोलावणे आणि दुसऱ्या नराला ताकीद, दोन्ही त्यातच. एरवी लपून राहणारा प्राणी असा उघड्यावर येतो, म्हणूनच दगडाच्या टप्प्यात सापडतो.

मादीची अडचण वेगळी, ती पाण्याची. सरपटणारे प्राणी पाणी फार जपून वापरतात. घरातल्या पालीच्या लेंडीला पांढरे टोक असते ना, तीच तिची लघवी. पाणी वाचवून घट्ट केलेली. पण अंड्यांच्या बाबतीत ही काटकसर पुरत नाही. सरड्याच्या अंड्याचे कवच कोंबडीच्या अंड्यासारखे कडक नसते, मऊ चामड्यासारखे असते. मातीतली ओल शोषून अंडे फुगते आणि कोरड्या मातीत सुकून जाते. म्हणून मादी पावसाची वाट पाहते. ओली जागा मिळाली नाही, तर तयार झालेली अंडी ती पोटातच रोखून धरते. धारवाडच्या कर्नाटक विद्यापीठातील संशोधकांनी याच सरड्यावर हे दाखवून दिले आहे.

दगड सोडलेला तो मुलगा आठवड्याभराने बरणी घेऊन आला. आत पोट फुगलेली मादी. झाकणाला भोके पाडली होती, वाटीत पाणीही ठेवले होते. "सर, तीन दिवस झाले, पाणीच पीत नाही." डोळे खोल गेले होते तिचे. आम्ही बरणीत पानांची डहाळी ठेवली आणि वरून पाणी शिंपडले. थोड्या वेळाने तिने जीभ काढून पानावरचे थेंब चाटायला सुरुवात केली. रानात ती दवाचे, पावसाचे थेंबच पिते. वाटीतले स्थिर पाणी तिला बहुधा कळतच नाही. वर्गात 52 मुले, पण त्या पाच मिनिटांत चिडीचूप.

मधल्या सुटीत तिला मागच्या कडुलिंबाखाली सोडले. तिसऱ्या दिवशी तिथली माती उकरून पुन्हा दाबलेली दिसली. तीच मादी होती की दुसरी, अल्लाह जाणे. एका वेळी साधारण 10 ते 20 अंडी असतात आणि पिल्ले बाहेर यायला दीड-दोन महिने लागतात, असे आम्ही सांगितले. मुलाने बोटांवर हिशेब केला, चार विटा आणून त्या जागेभोवती मांडल्या आणि म्हणाला, "सर, 15 ऑगस्टला आमची रांग इथे लावू नका."