पटावरची माणसं – भाग ७ : नॉर्मची भानगड

कुरकुंभच्या एमआयडीसीत औषधाच्या कारखान्यात क्वालिटी विभागात काम करणारा एक वाचक परवा टपरीवर भेटला. पहिली पाळी नुकतीच सुटली होती. चहाचा ग्लास हातात येण्याआधीच त्यानं मला धरलं.

"सर, दिव्या देशमुख बुद्धिबळाच्या महिला विश्वचषकासाठी बटुमीला गेली तेव्हा तिच्याकडे एकही नॉर्म नव्हता म्हणे. आणि परत आली ती ग्रँडमास्टर होऊन. तीन नॉर्म लागतात ना? आमच्याकडं असं झालं तर ऑडिटर सोडायचा नाही."

प्रश्न रास्त होता. माझंच चुकलं होतं. सहा भाग झाले, 'नॉर्म' हा शब्द मी दहादा वापरला, पण तो उलगडून एकदाही सांगितला नाही.

औषधाच्या कारखान्यात नवी प्रक्रिया पक्की ठरवायची तर लागोपाठ तीन व्हॅलिडेशन बॅच बरोबर उतराव्या लागतात, हे कुरकुंभकरांना सांगायला नको. एखादी बॅच नशिबानंही जमून जाते. नॉर्ममागचा हिशेब तोच आहे. एखाद्या स्पर्धेत, साधारण नऊ डावांत, तुमचा खेळ २६०० गुणांकनाच्या खेळाडूच्या तोडीचा झाला की एक नॉर्म मिळतो. समोरच्यांचं सरासरी गुणांकन २३८० असेल तर नऊपैकी सात गुण हवेत. सरासरीच २६०० असेल तर साडेचार पुरतात. असे नॉर्म मिळून किमान २७ डाव व्हायला हवेत, शिवाय स्वतःचं गुणांकन एकदा तरी २५००ला टेकायला हवं. बॅचसारखे नॉर्म लागोपाठच आले पाहिजेत असं नाही. पहिला आज आणि तिसरा दहा वर्षांनी आला तरी चालतो. त्यांना एक्स्पायरी नाही.

खरी मेख पुढं आहे. त्या नऊ डावांत समोर किमान तीन ग्रँडमास्टर बसलेले असावे लागतात, आणि सगळे आपल्याच देशाचे असून सहसा भागत नाही. म्हणजे ग्रँडमास्टर व्हायचं तर आधी ग्रँडमास्टर गाठावे लागतात. लग्नाला अनुभवी नवरा हवा म्हणण्यातला प्रकार!

प्रवीण ठिपसे यांची कारकीर्द या नियमाच्या उजेडात वाचावी. १९८५ साली त्यांनी राष्ट्रकुल विजेतेपद संयुक्तपणे मिळवलं. राष्ट्रीय विजेतेपद सात वेळा जिंकलं. अर्जुन पुरस्कार १९८४चा. आणि ग्रँडमास्टर कधी? १९९७ला, चाळिशीच्या उंबरठ्यावर. विश्वनाथन आनंद १९८८मध्ये ग्रँडमास्टर झाले, दिब्येंदू बरुआ १९९१मध्ये, आणि ठिपसे तिसरे. म्हणजे इतकी वर्षं अख्ख्या देशात ग्रँडमास्टर दोनच. घरबसल्या तिघांशी खेळणार कसं? परदेशी खेळाडू इथं येतील त्या मोजक्या स्पर्धांची वाट बघायची, नाहीतर पदरचे पैसे घालून युरोप गाठायचं. माझ्या मते ठिपसे यांच्या नावापुढच्या त्या १९९७मध्ये खेळाचा जेवढा वाटा आहे, तेवढाच भूगोलाचाही आहे.

चौथे ग्रँडमास्टर पुण्याचे अभिजित कुंटे, साल २०००. पहिल्या चारांत दोघं मराठी! त्यानंतर गाडीनं असा वेग घेतला की दिव्याचा नंबर ८८वा लागला. आता पुण्या-नागपुरातल्या पोराला समोर बसायला ग्रँडमास्टर हवा असेल तर तो शेजारच्या गल्लीतही सापडतो.

गाडीवरून आठवलं. आपल्या दौंडवरून जाणारी महाराष्ट्र एक्सप्रेस नागपूर, पुणे, सांगली अशी जाते. नागपूर दिव्याचं, पुणं कुंट्यांचं आणि सांगली भाग्यश्री साठे-ठिपसे यांची. पाच वेळा राष्ट्रीय महिला विजेत्या, १९८७च्या पद्मश्री. बुद्धिबळाच्या मंडळींनी एखादा डबा राखून ठेवायला हरकत नाही.

बायकांसाठी मात्र ग्रँडमास्टर होण्याची वाट बराच काळ नीट दिसतही नव्हती. मुंबईच्या वासंती, जयश्री आणि रोहिणी खाडिलकर या तिघी बहिणी. 'नवाकाळ'चे संपादक नीलकंठ खाडिलकर यांच्या मुली. १९७४ला पहिली राष्ट्रीय महिला स्पर्धा वासंतीनं जिंकली आणि पुढची जवळपास दहा वर्षं ते विजेतेपद त्या घराबाहेर गेलंच नाही. १९७६ला तेरा वर्षांची रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला बसली, तर केवढा गदारोळ झाला. अखेर जागतिक महासंघाचे अध्यक्ष मॅक्स युवे यांना निर्णय द्यावा लागला की बाईला अशा स्पर्धेतून वगळता येणार नाही. जिथं पटावर बसू देण्यावरूनच वाद, तिथं नॉर्मची गोष्ट कोण काढणार?

जगातली पहिली महिला ग्रँडमास्टर झाली ती १९७८ला, जॉर्जियाची नोना गाप्रिंदाश्विली. आदल्या वर्षी अमेरिकेत लोन पाइनच्या स्पर्धेत ती पहिल्या क्रमांकाच्या बरोबरीत आली होती. नॉर्मच्या काटेकोर हिशेबात तिचे डाव थोडे कमीच भरत होते, पण खेळ एवढा अव्वल होता की महासंघानं किताब दिला. बटुमी तिच्याच देशातलं.

आता दिव्या. ऑलिंपियाड, बुडापेस्ट, २०२४. भारताच्या महिला संघानं सुवर्ण जिंकलं. तिसऱ्या पटावर दिव्याचे अकरापैकी साडेनऊ गुण, वैयक्तिक सुवर्णही तिचंच. संघाचे कर्णधार होते अभिजित कुंटे. एवढं होऊनही ग्रँडमास्टर नॉर्मची पाटी कोरीच.

पुढच्या जुलैत बटुमीचा महिला विश्वचषक. तिला पंधरावं मानांकन होतं. तिनं चीनच्या झू जिनरला हरवलं, मग द्रोणवल्ली हरिकाला, मग माजी जगज्जेत्या तान झोंगयीला. अंतिम फेरीत समोर कोनेरू हंपी. पारंपरिक वेळेचे दोन्ही डाव बरोबरीत सुटले. २८ जुलैला जलद डावांचा टायब्रेक. पहिला बरोबरीत, आणि दुसरा दिव्यानं काळ्या मोहऱ्यांनी जिंकला. ती एकोणीस वर्षांची होती, आणि हंपी पंधराव्या वर्षीच ग्रँडमास्टर झालेली, म्हणजे दिव्याच्या जन्माच्याही आधी. डाव संपल्यावर दिव्या आईच्या गळ्यात पडून रडली, ते सगळ्यांनी पाहिलंच.

नियम असा आहे की काही ठरावीक मोठ्या स्पर्धा जिंकणाऱ्याला ग्रँडमास्टर किताब थेट मिळतो. नॉर्म विचारत नाहीत, २५०० गुणांकनाची अटही आड येत नाही. महिला विश्वचषक त्या यादीत आहे. दिव्याचं गुणांकन तेव्हा २४६३ होतं.

हे सगळं मी टपरीवर सांगत होतो तोवर चहा निवला. क्वालिटीवाला थोडा वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "म्हणजे तीन बॅच काढल्याच नाहीत. एकच काढली, आणि सहा इन्स्पेक्टर एकामागून एक तपासायला आले. कुणी एकानं जरी नापास केली असती, तर माल गेला असता."

"अगदी तसंच," मी म्हणालो.

"मग आमची पद्धत सोपी," म्हणत त्यानं दोन चहाचे पैसे दिले.