‘बोल्ड’ लघुपटांचा बोलबाला

तिसगाव (ता. पाथर्डी) : एकेकाळी ‘केवळ प्रौढांसाठी’ असा शिक्का असलेला चित्रपट पाहायचा, तर तिसगावसारख्या गावातल्या माणसाला एस.टी.ने नगर गाठावे लागे आणि चित्रपटगृहाच्या दारात कोणी ओळखीचे भेटू नये, ही चिंता वाहावी लागे. आज नगरचे अहिल्यानगर झाले आहे आणि वीस-पंचवीस मिनिटांचे, असा कोणताही शिक्का नसलेले हिंदी ‘बोल्ड’ लघुपट खिशातल्या मोबाइलवर येऊन बसले आहेत.

याची सुरुवात सप्टेंबर २०१६ मध्ये जिओची सेवा आली तेव्हा झाली. त्याआधी दोनशे रुपयांच्या घरात मिळणारा एक जीबी डेटा पाहता पाहता वीस रुपयांच्या खाली उतरला. एप्रिल २०१७ मध्ये ‘ऑल्ट बालाजी’ आणि २०१८ मध्ये ‘उल्लू’ सुरू झाले. चित्रपटाच्या एका तिकिटापेक्षा कमी वर्गणी, छोटा अवधी, सोपी हिंदी आणि पाहण्यासाठी पूर्ण एकांत, एवढ्या भांडवलावर हा व्यवसाय वाढला. तो किती वाढला? फेब्रुवारी २०२४ मध्ये ‘उल्लू’च्या कंपनीने मुंबई शेअर बाजाराच्या लघु-मध्यम उद्योग विभागात समभागविक्रीसाठी मसुदा दाखल केला होता!

मात्र ‘बोल्ड’ या एकाच शब्दाखाली दोन अगदी वेगळ्या गोष्टी खपवल्या जातात. जून २०१८ मध्ये नेटफ्लिक्सवर आलेला ‘लस्ट स्टोरीज’ हा चार लघुपटांचा गुच्छ होता. अनुराग कश्यप, झोया अख्तर, दिबाकर बॅनर्जी आणि करण जोहर हे त्याचे दिग्दर्शक. कश्यप यांच्या लघुपटात राधिका आपटेसमोर ‘सैराट’मधला आपला आकाश ठोसर होता. स्त्रीच्या इच्छेविषयी तिथे काही सांगायचे होते. दुसऱ्या टोकाला स्वस्त अॅपवरील चित्रफिती आहेत. त्यात कथा नावापुरती असते आणि ती पुष्कळदा ‘गावा’तली असते. वहिनी, भाडेकरू, शेतावरची खोली असा सारा ठरीव मसाला. तिसगावच्या बाजारात उभे राहून पाहिले, तर हे गाव कुठले, असा प्रश्न पडावा. चित्रण अनेकदा मुंबईच्या उपनगरातील भाड्याच्या बंगल्यात उरकले जाते.

अशाच एका बंगल्याने या व्यवसायाची दुसरी बाजू उघडी केली. फेब्रुवारी २०२१ मध्ये मुंबई पोलिसांच्या गुन्हे शाखेने मढ येथील बंगल्यावर छापा घातला. वेबमालिका वा लघुपटात भूमिका देतो, असे सांगून तरुणींना बोलावले जाई आणि ऐनवेळी अश्लील दृश्ये देण्यास भाग पाडले जाई, असा आरोप पोलिसांनी ठेवला. जुलैमध्ये याच प्रकरणात एका बड्या उद्योजकालाही अटक झाली. त्यांनी आरोप नाकारले आणि सप्टेंबरमध्ये त्यांना जामीन मिळाला. पडद्यावर किती उघडे दिसते, यावरच आपल्याकडे वाद रंगतो. कॅमेऱ्यासमोर उभ्या असलेल्या मुलीने नेमकी कशाला संमती दिली होती, हे मात्र फारसे कोणी विचारत नाही.

कायदा काय सांगतो? चित्रपटगृहातील चित्रपटाला १९५२ च्या कायद्यानुसार सेन्सॉरचे प्रमाणपत्र लागते, अॅपवरील लघुपटाला लागत नाही. फेब्रुवारी २०२१ च्या नियमांनी या मंचांवर वयोगटानुसार वर्गीकरण, पालकांसाठी कुलूप आणि तक्रार निवारणाची त्रिस्तरीय व्यवस्था बंधनकारक केली. याखेरीज माहिती तंत्रज्ञान कायद्याचे ६७ आणि ६७ अ ही कलमे आहेत. ती प्रसारित करणाऱ्याला लागू होतात. त्यांच्याच आधारे मार्च २०२४ मध्ये केंद्राने १८ मंच बंद केले. त्यांतील एका अॅपचे डाउनलोड एक कोटीहून अधिक होते. जुलै २०२५ मध्ये आणखी २५ मंचांवर गदा आली आणि त्यात ‘उल्लू’ व ‘ऑल्ट’ही होते. त्याआधी एप्रिलमध्ये सर्वोच्च न्यायालयाने माजी माहिती आयुक्त उदय माहूरकर व इतरांच्या याचिकेवर केंद्राला आणि अनेक मंचांना नोटिसा काढल्या होत्या.

अश्लील कशाला म्हणावे, हा प्रश्न मराठी वाचकाला नवा नाही. ‘रंभा’ मासिकाच्या १९६२ च्या दिवाळी अंकातील ‘श्यामा’मुळे चंद्रकांत काकोडकर यांच्यावर खटला चालला. कलाकृती समग्रपणे पाहायला हवी, अशी भूमिका घेत सर्वोच्च न्यायालयाने १९६९ मध्ये त्यांना निर्दोष ठरवले. हा निकष लावला, तर ‘लस्ट स्टोरीज’चा बचाव करणे सोपे जाईल. ज्या चित्रफितीत समग्र असे काही नाहीच, तिचा बचाव अवघड आहे.

अॅप बंद झाले तरी त्यावरील चित्रफिती टेलिग्रामवर तुकड्यातुकड्यांनी फिरत राहतात, आणि त्यातला चेहरा गावाकडचा असेल तर गावातही पोहोचतात. स्वतःची अशी चित्रफीत हटवण्यासाठी संबंधित व्यक्ती थेट त्या मंचाच्या तक्रार अधिकाऱ्याकडे अर्ज करू शकते आणि नियमानुसार ती ठरावीक तासांच्या आत काढावी लागते. पोलिस ठाण्याची पायरी चढण्याआधी राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवरही तक्रार नोंदवता येते. स्त्रिया व मुलांविषयीच्या अशा तक्रारीत तिथे नाव देण्याची सक्ती नाही.