तहानलेली वीज

परळी म्हटले की भाविकाला वैजनाथ आठवतो आणि इंजिनिअरला औष्णिक वीज केंद्र. १९७१ साली तेथे अवघ्या ३० मेगावॅटचा पहिला संच सुरू झाला. पुढे केंद्र वाढत वाढत ११३० मेगावॅटपर्यंत गेले. आणि फेब्रुवारी २०१३ मध्ये ते सारेच्या सारे बंद पडले! कोळसा संपला नव्हता की यंत्रे मोडली नव्हती. पाणी नव्हते, एवढेच. २०१५ साली पुन्हा तीच गत झाली.

विजेला पाणी कशाला लागते, असे कोणी विचारील. धरणाच्या विजेचे समजते, पण कोळशाच्या? आपल्या घरचा माठ आठवा. माठ पाझरतो, ते पाणी हवेत उडून जाते आणि जाताना आतली उष्णता घेऊन जाते. वीज केंद्रातले अवाढव्य शीतमनोरे म्हणजे असे माठच. बॉयलरमधली वाफ चक्र फिरवते आणि तिचे पुन्हा पाणी होते. हे पाणी फारसे वाया जात नाही. पण त्या वाफेला थंड करणारे पाणी मनोऱ्यातून आकाशात उडून जाते. कोळशातल्या उष्णतेचा जेमतेम तिसरा हिस्सा वीज होतो, बाकीची कोठे तरी टाकावीच लागते ना!

२०१५ च्या सरकारी नियमाने अशा जुन्या केंद्रांना युनिटमागे साडेतीन लिटरची मर्यादा घातली. एक युनिट, साडेतीन लिटर: ऐकायला तांब्या-दोन तांब्यांची गोष्ट. पण परळीचे आजचे तीन संच मिळून ७५० मेगावॅटचे. ते दिवसभर पूर्ण जोराने चालले तर १ कोटी ८० लाख युनिटे, म्हणजे या मापाने ६ कोटी ३० लाख लिटर पाणी! २०१६ च्या दुष्काळात शेजारच्या लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणले. ५० वाघिणींच्या गाडीत २५ लाख लिटर मावत. परळीच्या मनोऱ्यांना तशा पंचवीस गाड्या लागतील, रोज.

यावर उपाय नाहीत असे नाही. दक्षिण आफ्रिकेतले मातिंबा केंद्र वाफ थंड करते ते प्रचंड पंख्यांच्या वाऱ्याने. मात्र पंख्यांनाच बरीच वीज लागते आणि कडक उन्हात यंत्राचा जोर उतरतो. नागपूरकरांनी भांडेवाडीचे सांडपाणी शुद्ध करून कोराडीला दिले. ही युक्ती मला फार आवडते. पण एवढे सांडपाणी निघायला नागपूरएवढे शहर हवे, ते परळीने कोठून आणावे?

म्हणून बालाघाटाच्या पठारावर पाटोद्याकडे फिरणाऱ्या पवनचक्क्यांकडे मी कौतुकाने पाहतो. त्यांना वाफ नको, मनोरा नको. वाऱ्याचा वेग दुप्पट झाला तर त्यातली शक्ती आठपट होते, त्यामुळे पठाराची उंची येथे कामाला येते. सूर्यपत्र्यांना धूळ धुण्यापुरते पाणी पुरते. शिवाय परळीला मोठ्या दाबाच्या विजेच्या तारा येऊन मिळतातच. वीज वाहून न्यायची वाट निम्मी तयार आहे. अडचण आहे ती रात्रीची. वारा आषाढात उधळतो, माघात रुसतो आणि सूर्य रोज संध्याकाळी घरी जातो. विजेच्या मोठाल्या बॅटऱ्या स्वस्त होईपर्यंत कोळशाला रजा देता येणार नाही. आणि पवनचक्की बॉयलरइतकी माणसे पोसत नाही, हेही खरे.

बीडच्या शेतकऱ्याला मात्र दिवसाच वीज हवी असते. रात्रीच्या पाळीला टॉर्च घेऊन, सापकिरडू चुकवीत पंप चालू करायला जाणे काय असते ते त्यालाच विचारावे. २०१७ च्या मुख्यमंत्री सौर कृषी वाहिनी योजनेचा हेतू हाच होता: उपकेंद्राजवळ सूर्याची वीज करायची आणि तेथल्या शेतीपंपांना ती दिवसा द्यायची. वीज दिवसा येईल; पण मार्चनंतर आष्टी-पाटोद्याकडच्या पुष्कळ विहिरींत तासभर पंप चालेल एवढेही पाणी नसते.