पहाटेच्या ताऱ्याची मुले

“आजोबा, हा तारा खरा आहे का?” नातवाने पुस्तकातून मान वर करून विचारले.

टॉल्किनच्या कल्पित जगातला तो तारा, एआरेंडिल. मूळचा दर्यावर्दी. युद्धात खचलेल्या आपल्या लोकांसाठी तो देवांकडे मदत मागायला गेला. मदत मिळाली, पण त्याला परत माणसांत पाऊल टाकायची बंदी झाली. कपाळी तेजस्वी रत्न लेवून त्याचे जहाज आकाशात फिरू लागले. म्हणजे आपली शुक्राची चांदणीच! हे नाव टॉल्किनला एका जुन्या इंग्रजी काव्यात सापडले. १९१४ साली त्याने त्यावर कविता लिहिली. हबल दुर्बिणीने टिपलेल्या एका अतिदूरच्या ताऱ्यालाही २०२२ साली शास्त्रज्ञांनी तेच जुने नाव दिले, एरेंडेल. तेव्हा खरा म्हणायलाही हरकत नाही.

मला मात्र त्याची जुळी मुले आठवत राहतात. बाप समुद्रावर असताना घरावर हल्ला झाला आणि एल्राँड व एल्रॉस शत्रूपाशीच वाढले. सारे जग त्या ताऱ्याकडे पाहून आशा धरत होते. या दोघांना त्यात काय दिसत असेल?

बँकेतल्या तीन बदल्या मी एकट्याने काढल्या. शनिवारी रात्री एस्टीने घरी पोचायचो, तेव्हा मुलगी झोपलेली असे.

“आईला विचार,” मी नातवाला म्हणालो.